माझी संमती नाही

"उठ तिथनं. ते स्टूल सरकारी आहे."

मालकांचं तेरावं होऊन चार दिवस झालं व्हतं. मी त्यांच्या ऑफिसात कागद घेऊन गेले व्हते. मृत्यूचा दाखला, पासबुक, फोटो, सगळं पिशवीत. पेठच्या फाट्यावर दीड तास येस्टीची वाट बघितली, उन्हात पाय भरून आलं व्हतं. साहेबाच्या दारापाशी स्टूल रिकामं दिसलं आणि मी टेकले. आमचे मालक शिपाई व्हते. पंचवीस-सव्वीस वर्षं ते त्याच स्टुलावर बसले. मला वाटलं, आपल्या माणसाची जागा हाय, घटकाभर बसलं तर काय बिघडलं.

टेबलावरच्या क्लार्कानं उठवलं. मी उठले. भिंतीला टेकून उभी राहिले.

मंग त्यानं वर बघून म्हटलं, "बाई, आलीच आहेस तर तेवढा चहा टाक. तुझा नवरा फक्कड करायचा. तो गेल्यापासून आमची पंचाईत झालीय."

कुणी हसलं नाय. कुणाला त्यात वावगंबी वाटलं नाय. खातं कुठलं, साहेब कोण, ते मी इथं सांगत नाय. सगळीकडं अशीच माणसं बसलेली असतात. पण हे सांगते, की मी चहा टाकला. कपाळ नुकतंच मोकळं झालेली बाई, नऊ माणसांचा चहा टाकला, कप विसळले. नाय म्हणायचं असतं हे मला त्या दिवशी ठाऊकच नव्हतं. आजबी आठवलं की मला माझीच चीड येते.

चहाच्या खोपटात ओट्याच्या वर भिंतीवर पेन्सिलीनं लिहिलेलं व्हतं. अक्षर मालकांचं. "मोठे साहेब बिनसाखर. मॅडम अर्धा कप. बापूसाहेब आलं जास्त." खिळ्याला त्यांचं फडकं तसंच अडकवलेलं, वाळून कडक झालेलं. मला असं वाटलं की ते माझ्या मागंच उभे हायत आणि सांगतायत, साखर नंतर टाक. मी मागं वळून बघितलं नाय. भ्याले मी.

चहा झाला, तवा क्लार्कानं एक छापील कागद पुढं सरकवला. बरोबर शाईचा डबा.

"इथं अंगठा कर."

"मला सही येते," मी म्हटलं. मी सातवी शिकले हाय, मढच्या शाळेत.

"बरं, सही कर मग."

"कशाची हाय?"

"संमतीपत्र. पतसंस्थेचं कर्ज आहे. ते नवऱ्याच्या ग्रॅच्युइटीतून कापून घ्यायला तुझी संमती."

"त्यांनी तर कर्ज काढलं नव्हतं. मंग कुणाचं कर्ज?"

त्यानं चहाचा घोट घेतला. "नवरा होता तेव्हा विचारायचं होतंस."

मी सही केली नाय. ते काय शूरपण नव्हतं. पोरीला दाखवते आणि मंग करते, असं म्हटलं. तो म्हणाला, तोवर पेन्शनची फाईलबी हलणार नाय. मी कागद पिशवीत घातला आणि घरी आले.

आता हे कर्ज काय व्हतं ते सांगते.

आमी मेंढरंवाले. सासरे मेंढरं घेऊन हिंडायचे. सुगी संपली की शेतकऱ्याच्या रिकाम्या वावरात मेंढरं बसवायची. रातभर जाळीच्या वाड्यात मेंढरं बसतात, लेंड्या पडतात, वावराला खत होतं. त्याच्या बदल्यात शेतकरी बाजरी द्यायचा. आता पैसं देतात. सासऱ्यांची मेंढरं दरसाल बापूसाहेबांच्या वावरात बसायची. बापूसाहेब म्हणजे गावातलं मोठं घर, बागायत, विहिरी, राजकारणात ऊठबस. ते त्याच ऑफिसात बडे कारकून व्हते. आलं जास्त पिणारे बापूसाहेब ते हेच.

आमच्या मालकांना मेंढरामागं जायचं नव्हतं. दहावी झाले. बापूसाहेबांनीच त्यांना ऑफिसात रोजंदारीवर चिकटवलं, पुढं कायम झाले. तेव्हापासून बापूसाहेब म्हणतील ती पूर्व दिशा. त्यांच्या घरची दळणं आणली, त्यांच्या पोरांना शाळेत पोचवलं, त्यांच्या बायकोच्या दवाखान्यात डबं नेलं. ऑफिस सुटल्यावर. मी कधी बोलले तर म्हणायचे, "त्यांच्या बाजरीवर वाढलोय आपण."

बापूसाहेबांनी कर्मचाऱ्यांच्या पतसंस्थेतून मोठं कर्ज काढलं. बंगला बांधायचा व्हता. जामीन आमचे मालक. शिपायाचा पगार छोटा, पण कुठं अडकलेला नव्हता. सही घेतली. मला कळलंबी नाय.

बापूसाहेब रिटायर झाले आणि त्यांनी हप्ता भरायचं थांबवलं. मंग मालकांच्या पगारातून कपात सुरू झाली. मला म्हणाले, "सोसायटीचा हप्ता हाय." मी पठारावर बटाटं काढायला जायला लागले. पोरगी मंचरच्या कॉलेजात, तिची फी, तिचा पास. मालकांनी पान-तंबाखू सोडली, सायकलीवर जायला लागले. मला वाटलं, चांगलं झालं, व्यसन सुटलं. येडी मी.

मंग ते आजारी पडले. छातीचं दुखणं. दवाखान्यात शेजारच्या खाटेला नर्सला बोलवायची बेल व्हती. ती वाजली की आमचे मालक उठायला बघायचे. हाताला सलाईन, अंगात ताकद नाय, तरी कोपरावर उठायचे आणि म्हणायचे, "आलो साहेब." मी त्यांना दाबून निजवायची. दिवसातनं दहा वेळा. त्यांनी बोललेलं शेवटचं तेच. माझं नाव नाय, पोरीचं नाय. आलो साहेब.

संमतीपत्र घेऊन घरी आले, तवा पोरीनं वाचून दाखवलं. बापूसाहेबांचं कर्ज, व्याज, दंडव्याज, आणि ते सगळं मयताच्या ग्रॅच्युइटीतून कापायला वारस म्हणून माझी हरकत नाय. पोरगी म्हणाली, "आई, म्हणजे त्यांचा बंगला आपण फेडायचा?"

मी म्हटलं, "तुझ्या बापानं सही केलीया, बाय."

हे मी म्हणाले. आणि मला ते खरंच वाटत व्हतं. त्याचं कारण आमची रीत. मेंढक्यांत असं असतं, की एखादा आजारी पडला, कुणाच्या घरी लग्न निघालं, तर त्याची मेंढरं दुसरा आपल्या वाड्यात घेतो. कागद नाय, काय नाय. आणि दुसऱ्याचं मेंढरू आपल्या वाड्यात असताना बिबट्यानं नेलं, तर आपल्यातलं द्यायचं. तोंडातनं शब्द न काढता द्यायचं. बिबटे आमच्याकडं काय कमी हायत का. सासऱ्यांनी दिलेली मेंढरं मी माझ्या डोळ्यानं बघितलीत. जामीन म्हणजे मालकांना तेच वाटलं. दुसऱ्याचं आपल्या वाड्यात आलं, गेलं, आपण भरायचं. मलाबी तेच वाटलं. मी सही करायचं ठरवलं व्हतं, खोटं कशाला बोलू.

सहीसाठी नोकरीचा हुकूम लागणार म्हणून मी त्यांची पत्र्याची पेटी उघडली. वर धुतलेला युनिफॉर्म. खाली हुकूम, पोरीचे दाखले, आणि सगळ्यात तळाला, प्लास्टिकच्या पिशवीत, एक झेरॉक्स.

बापूसाहेबांचं पत्र. पतसंस्थेला लिहिलेलं, रिटायर व्हायच्या आधीचं. वर पतसंस्थेचा पोच शिक्का. पोरीनं वाचलं. "माझ्या उपदानाच्या रकमेतून सदर कर्जाची वसुली करण्यास माझी संमती नाही. नियमानुसार सदर रक्कम मला पूर्ण मिळावी." उपदान म्हणजे ग्रॅच्युइटी. खाली सही, झोकदार.

आणि पोचेच्या शिक्क्याखाली, पत्र कुणी आणून दिलं, त्या जागी आमच्या मालकांची सही.

पोरीनं कागद खाली ठेवला. मी तिला म्हटलं, परत वाच. तिनं परत वाचलं.

ते पत्र त्यांनीच नेलं व्हतं. टपाल पोचवणं त्यांचं कामच व्हतं. सायकलीवर टाकून नेलं, शिक्का मारून आणला, आणि मधे कुठंतरी थांबून, खिशातलं पैसं घालून त्याची झेरॉक्स काढली. त्यांना वाचता येत व्हतं. येईल तो कागद वाचायची सवय त्यांना, भेळीचा कागदसुद्धा वाचायचे. म्हणजे त्यांना ठाऊक व्हतं. तो माणूस आपलं पैसं सोडवून घेऊन चाललाय आणि मला अडकवून चाललाय, हे ठाऊक असताना त्यांनी ते पत्र पोचवलं. कपात झाली, बोलले नाय. बायको बटाटं काढायला गेली, बोलले नाय.

तेव्हापासून मालक घरी येतात. कुणी हसू नका. दुपारी मी भाकरी थापत असते, उन्हाचा पट्टा दारात पडलेला असतो, आणि ते चौकटीपाशी उभे असतात. आत येत नायत, बसत नायत. ऑफिसात उभे राहायचे तसे, हात पुढं बांधून. मी विचारते, वाचलं व्हतं ना तुमी? मंग झेरॉक्स कुणासाठी ठेवली? माझ्यासाठी ठेवली असंल, तर तोंडानं का नाय सांगितलं? ते खाली बघतात. मला त्यांचा लई राग येतो. मेलेल्या माणसावर एवढा राग धरायचा नसतो म्हणतात. मी धरलाय. रडताना बी धरलाय.

घोडेगावच्या कोर्टात एक वकीलबाई बसतात. पोरगी मला घेऊन गेली. बाईंनी दोन्ही कागद शेजारी ठेवले, चष्मा वर केला आणि म्हणाल्या, "तुम्ही सही केली का?"

"नाय."

"देवच पावला. ग्रॅच्युइटीवर पतसंस्थेचा हात पोचत नाही. सरकारी येणं असेल तर गोष्ट वेगळी. हे सरकारी नाही. म्हणून तर तुमची संमती मागतायत. तुम्ही दिली, की संपलं."

"मंग पेन्शन अडवून धरलीया ती?"

"अडवायला कागद लागतो. त्यांच्याकडं कागद नाही, तुमची भीती आहे." मंग त्यांनी चष्मा खाली घेतला. "पण एक सांगते. सही नाही केली तर पतसंस्था दावा लावील. जामीनदाराचे वारस म्हणून. घर नवऱ्याच्या नावावर आहे ना? त्या घरावर येतील. लढावं लागेल."

मी घरी आले आणि दोन दिवस जेवले नाय. दोन खोल्या, वर पत्रा. तेवढंच हाय आमचं.

तिसऱ्या दिवशी बापूसाहेब आले. पांढरी गाडी दारात. बरोबर माझा धाकटा दीर. तो अजून मेंढरं राखतो, त्याचा वाडा आजबी बापूसाहेबांच्या वावरात बसतो. बापूसाहेब खुर्चीत बसले. दीर जमिनीवर बसला, माझ्याच घरात, माझी दुसरी खुर्ची रिकामी असताना.

"अगं, ऑफिसात खोळंबा करून ठेवलायस म्हणे," बापूसाहेब म्हणाले. "एक सही आहे. तो माझ्या शब्दाबाहेर नव्हता कधी. तो गेल्यावर त्याचा शब्द तू मोडणार का? त्याच्या आत्म्याला काय वाटेल?"

त्यांनी खुर्ची पुढं सरकवली.

"तुझ्या सासऱ्याची मेंढरं आमच्या वावरात बसली म्हणून तुम्ही खाल्लंत. नोकरी आम्ही लावली. एवढं तरी ध्यानात ठेव."

दीर खाली बघत म्हणाला, "वहिनी, करून टाका सही. मला यंदा वावर नाय म्हणतायत. एवढी मेंढरं घेऊन मी कुठं जाऊ?"

तेव्हा मला कळलं की याला कशाला आणलंय. आणि माझं डोकं फिरलं. मी बापूसाहेबांशी बोललेच नाय. मी दिराकडं वळले.

"भाऊजी, एक सांगा. दुसऱ्याचं मेंढरू तुमच्या वाड्यात हाय. बिबट्यानं नेलं. तुमी काय करणार?"

"आपल्यातलं देणार. रीतच हाय ती."

"आणि बिबट्यानं नाय नेलं. ज्याचं मेंढरू त्यानंच गुपचूप येऊन नेलं, बाजारात विकलं, पैसं खिशात घातलं. आणि सकाळी तुमच्या दारात येऊन म्हणाला, माझं मेंढरू दे. देणार का?"

दीर वर बघायला लागला. 

"नाय देणार," तो म्हणाला. हळूच म्हणाला, पण म्हणाला.

मी पेटीतनं झेरॉक्स काढली आणि मोठ्यानं वाचली. सातवी शिकलेल्या बाईनं वाचावी तशी, बोट ठेवून, अडखळत. माझी संमती नाही, एवढं मात्र अडखळले नाय. बापूसाहेबांचा चेहरा उतरला.

"हा कागद तुझ्याकडं कसा आला?"

"मालकांनी ठेवला व्हता."

"त्यानं?" ते म्हणाले. त्या एका शब्दात मला सगळं दिसलं. इतकी वर्षं ज्याच्या हातचा चहा प्याले, तो माणूस कागद वाचत असंल, वाचून ठेवत असंल, हे त्यांच्या मनातच कधी आलं नव्हतं. दारात उभं राहणाऱ्याला डोळं असतात हेच ठाऊक नव्हतं.

"बापूसाहेब," मी म्हटलं, "आमची मेंढरं तुमच्या वावरात फुकट नाय बसली. तुमची जमीन आमच्या लेंड्यांवर पिकली. बाजरी दिली ती मजुरी व्हती, भीक नव्हती. नोकरी लावलीत, तिची दळणं वाहून फेड झाली. आता काय राहिलं असंल तर कोर्टात मांडा."

ते उठले. जाताना दिराला म्हणाले, "वाडा उचल उद्या." गाडी गेली. दीर अंगणात उभा राहिला. मला म्हणाला, "तुमचं खरं हाय वहिनी. पण माझं वावर गेलं ना."  त्याचं वावर माझ्यापायी गेलं. त्यानं जाळी गुंडाळली, मेंढरं डिंभ्याच्या अंगाला नेली, कालव्याच्या कडंला. तिथं चारा कमी, माणसं अनोळखी, बिबट्या जास्त. तवापासून तो माझ्याकडं जेवायला आलेला नाय. दिवाळीलाबी नाय. हे ओझं माझ्या अंगावर हाय आणि ते मी दुसऱ्या कुणावर ढकलत नाय.

दुसऱ्या दिवशी मी ऑफिसात गेले. बापूसाहेबांचंच वाक्य, शब्दाला शब्द, मी माझ्या हातानं लिहून नेलं व्हतं. फक्त "माझ्या" च्या जागी "माझ्या मयत पतीच्या" घातलं. तीन कागद फुकट गेले, चौथा चांगला आला. त्याच क्लार्कापुढं ठेवला.

"हे काय?"

"संमती मागितली व्हती ना. ही घ्या. नाय म्हणून लिहिलंय. पोच द्या."

"साहेब नाहीत. उद्या ये."

"शिक्का तुमच्या टेबलावर हाय. साहेबाच्या खिशात नाय."

"बाई, आवाज खाली."

"आवाज एवढाच हाय माझा. पोच द्या."

मी हालले नाय. माझ्या मागं दोन माणसं रांगेत व्हती, तीबी हालली नायत.  शेवटी त्यानं शिक्का मारला. जोरात मारला, जणू माझ्या तोंडावर. मारू दे. शाई उठली.

पेन्शनची फाईल वकीलबाईंच्या दोन नोटिसांनंतर हलली. ग्रॅच्युइटी अजून मिळालेली नाय. पतसंस्थेनं दावा लावलाय, माझ्यावर आणि पोरीवर. घरावर जप्ती मागितलीय. तारखा पडतात. एका तारखेला समोरचे वकील नसतात, एका तारखेला जज नसतात. मध्यंतरी निरोप आला, निम्मं कबूल कर, निम्मं सोडून देतो, आपापसात मिटवू. पतसंस्थेचा माणूस चांगल्या शब्दांत बोलला. मी त्याला विचारलं, निम्मं कुणाचं? तो म्हणाला, बाई, असं नसतं व्यवहारात.

वकीलबाईंनीबी मला सांगितलं, जिंकूच असं नाही. घर वाचेल, नाहीतर नाही वाचणार. मी म्हटलं, मला ठाऊक हाय. पण बापूसाहेबांना त्या दाव्यात ओढा. मला त्यांना पिंजऱ्यात उभं बघायचंय. बसलेलं नाय, उभं. शपथ घ्यायला लावून विचारायचंय, बंगला कुणाचा, कर्ज कुणाचं, आणि संमती नाही हे पहिल्यांदा कुणी लिहिलं. सगळ्यांसमोर. त्यांच्या तोंडानं. बाईंनी तसा अर्ज दिलाय.

पोरीचं नाव अनुकंपाच्या यादीत हाय, बापाच्या जागी. कदाचित शिपाई म्हणूनच लागंल. तिला मी बसवून सांगितलंय. नोकरी कर, काम चोख कर. पण ऑफिस सुटल्यावर कुणाचं दळण आणायचं नाय. कुणी साहेब कितीबी गोड बोलला तरी न वाचता सही नाय, आणि वाचलं तर वाचलं म्हणून तोंडानं सांगायचं, पेटीत लपवून मरायचं नाय.

मालक अजून दुपारी येतात. परवा मी त्यांना सांगितलं, तुमी नुसतं ठेवून गेलात, मी ते बोलणार हाय. पुढल्या तारखेला, त्याच्या पुढल्या तारखेला, येस्टी चुकली तर चालत. वरचा पत्रा काढून नेला तरी. माझी सही त्या कागदावर पडणार नाय. मी मेले तर दाव्यात पोरगी हाय, आणि तिचं अक्षर माझ्यापेक्षा चांगलं हाय.